०.१ आणि ०.२ यांच्या बेरजेबाबत खुलासा

‘पायथॉनमध्ये ०.१ आणि ०.२ यांची बेरीज ०.३०००००००००००००००४ येते, म्हणजे या भाषेचे गणितच सदोष आहे. हिशेबासाठी ती वापरू नका’ असा पायथॉन या प्रोग्रामिंग भाषेविषयीचा संदेश सध्या फिरत आहे. त्यातील उत्तर खरे आहे, निष्कर्ष मात्र चुकीचा आहे.

जावा आणि जावास्क्रिप्टमध्येही हेच उत्तर येते, कारण या भाषा आयईईई ७५४ या, संगणकात अपूर्णांक साठवण्यासाठी १९८५ साली ठरलेल्या मानकातील ६४ बिटांचा द्विमान प्रकार (म्हणजे ० किंवा १ अशा ६४ अंकांत संख्या लिहिण्याची पद्धत) वापरतात. त्यात अर्थपूर्ण अंकांसाठी ५३ बिटांचीच अचूकता मिळते, आणि एक-तृतीयांश जसा दशमान पद्धतीत संपत नाही तसा एक-दशांश द्विमान पद्धतीत संपत नाही. त्यामुळे त्याच्या सर्वांत जवळची संख्या साठवली जाते आणि तो सूक्ष्म फरक बेरजेत दिसतो.

पैशांच्या हिशेबासाठी पायथॉनसोबतच डेसिमल ही लायब्ररी, म्हणजे दशमान हिशेबासाठीचा तयार कोड, मिळते. तिला ०.१ हा आकडा अवतरणचिन्हांत, म्हणजे मजकूर म्हणून द्यावा. अवतरणाविना दिल्यास ०.१००००००००००००००००५५५१… अशी आधीच साठवलेली द्विमान संख्या आत जाते आणि मग लायब्ररीलाच दोष दिला जातो, हे अन्यायाचे आहे. रक्कम रुपयांऐवजी पैशांत, पूर्णांक म्हणून ठेवणे हाही खात्रीचा मार्ग आहे.

वरील उत्तरे संगणकावर कोणालाही तपासून पाहता येतील. नुकतेच प्रोग्रामिंग शिकू लागलेल्यांची त्या संदेशाने नाहक दिशाभूल होते, म्हणून तो कृपया पुढे पाठवू नये आणि ज्या गटांत पाठवला असेल तेथे हा खुलासा द्यावा.