खुलासा: उलटा करायचा तो दुसरा अपूर्णांक

परभणीकडच्या पालकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक ‘ट्रिक’ फिरतेय: अपूर्णांकांच्या भागाकारात पहिला अपूर्णांक उलटा करून गुणा. हे चूक आहे. उलटा होतो तो दुसरा, म्हणजे ज्यानं भागायचं तो. त्याच्या उलट्या रूपालाच गुणाकार व्यस्त म्हणतात.

पाऊण किलो शेंगदाण्याच्या सव्वाशे ग्रॅमच्या, म्हणजे १/८ किलोच्या, पुड्या किती? ३/४ ÷ १/८ = ३/४ × ८/१ = ६. दुकानदार तागडीवर सहाच बांधून देईल. ट्रिकनं ४/३ × १/८, म्हणजे १/६ येतं. एक पुडीसुद्धा नाही!

‘भागाकाराचं उत्तर लहानच येतं’ हेही त्याच मेसेजात आहे. वर पाऊणाचे सहा झालेच की. धन संख्येला एकाहून लहान धन संख्येनं भागलं की उत्तर वाढतं. आणि शून्याला व्यस्त नसतो.