आपले झुरळ

गेल्या रविवारी सकाळी पावणेआठ वाजता, माझ्या अर्ध्या गालावर दाढीचा फेस असताना, दारावरची घंटा वाजली आणि दार उघडताच वरच्या मजल्यावरच्या अण्णांनी एक काचेची बाटली माझ्या हाती ठेवून, "हे आपले झुरळ," असे सांगितले.

मराठीत समोरच्याशी बोलताना ‘आपले’ या शब्दाचे दोन अर्थ होतात. एकात बोलणारा आणि ऐकणारा दोघेही येतात; दुसऱ्यात, आदरापोटी, फक्त ऐकणारा येतो. डोंबिवलीतल्या आमच्या सोळा बिऱ्हाडांच्या इमारतीत अण्णा मला गेली सव्वीस वर्षे ‘अरे’ म्हणत आले आहेत. त्यामुळे मी भाबडेपणाने पहिला अर्थ घेतला आणि झुरळांचा प्रश्न अखेर कोणीतरी सामाईक मानला, याचे मला क्षणभर समाधानही वाटले. पण पाठोपाठ "आपल्याकडे आत बसून बोलता येईल का?" असे त्यांनी विचारले, तेव्हा मला ‘अरे’वरून ‘आपण’वर बढती मिळाल्याचे, म्हणजेच मी आरोपी झाल्याचे, माझ्या ध्यानात आले.

अण्णा लेखापरीक्षक म्हणून निवृत्त झाले, त्याला चौदा वर्षे झाली. परंतु लेखापरीक्षण अण्णांतून निवृत्त झालेले नाही. दुधाच्या पिशव्यांचा हिशेबही ते आवक आणि जावक अशा दोन रकान्यांत मांडतात. बाटली लिंबाच्या लोणच्याची होती, तिच्यावरचे लेबल भिजवून काढलेले होते आणि झाकणाला दाभणाने सात भोके पाडलेली होती. भोके कशासाठी, असे मी विचारले.

"पुरावा जिवंत असावा लागतो," अण्णा म्हणाले.

"पण हे आमचे कशावरून?"

त्यांनी सदऱ्याच्या खिशातून घडी घातलेला कागद काढला. "काल दुपारी साडेतीन ते साडेचार या वेळात आपल्याकडे औषधफवारणी झाली. रात्री नऊ वाजून दहा मिनिटांनी हे आमच्या देवघराखाली आढळले. मधल्या काळात आमच्याकडे पाहुणा आलेला नाही, वाणसामान आलेले नाही, रद्दी गेलेली नाही. आमच्या आवकेत एक झुरळ जास्त आहे, याचा अर्थ आपल्या जावकेत एक नोंदवायचे राहिले आहे."

"ते आधीपासून तुमच्याकडेच राहत नसेल कशावरून?"

"आमच्याकडे झुरळे नाहीत."

"पण हे आहे ना?"

"हे आपले आहे."

या वर्तुळाला बाहेर पडण्याची वाट नव्हती. तरीही, हरलेल्या माणसाला असते तशी जिद्द धरून मी म्हणालो, "अण्णा, झुरळावर घर क्रमांक नसतो."

"नसतो," त्यांनी शांतपणे मान्य केले, "पण वागणूक असते. घरचे झुरळ दिवा लागला की कोठे शिरायचे ते जाणून असते. हे गोंधळले होते. ते समईकडे गेले, परत फिरले, चौरंगाला वळसा घालून पुन्हा होते तेथेच आले. स्टेशनबाहेर नवखा माणूस रिक्षाची रांग शोधतो, तसे."

"म्हणजे घरचे झुरळ कसे वागते ते तुम्ही पाहिलेले आहे?"

अण्णांनी माझ्याकडे, मग माझ्या अर्ध्या गालाकडे, मग स्वयंपाकघराकडे पाहिले आणि "चहा टाकला असेल तर माझा बिनसाखरेचा," असे पत्नीला ऐकू जाईल इतक्या आवाजात सांगितले.

अण्णांचे म्हणणे अगदीच निराधार नव्हते, हीच तर माझी खरी अडचण होती. मी तीन वर्षांपासून एका कंपनीला वार्षिक कराराचे पैसे भरतो आहे. त्या पैशांत दर चार महिन्यांनी एक तरुण येतो आणि ओट्याखाली, बिजागऱ्यांजवळ व फ्रिजच्या मागे जेलचे मसुराएवढे ठिपके देतो. ही पद्धत उत्तम आहे, कारण ते विष झुरळाला लगेच मारत नाही. ते खाऊन झुरळ आपल्या बिळात परत जाते, तेथे मरते, आणि त्याची विष्ठा व कलेवर खाणारी पिल्लेही मरतात. पण आमचा तरुण ठिपके देऊन झाल्यावर ‘ग्राहकाला समाधान वाटावे’ म्हणून त्याच जागी फवारणीही करून जातो. फवाऱ्यातल्या औषधाने झुरळे बिथरतात, जेलला तोंड लावत नाहीत आणि पाइपाच्या कडेने शेजारी पांगतात. अर्थात, मी एकाच पावतीवर जेवणाचे आमंत्रण आणि दारावरचा कुत्रा असे दोन्ही विकत घेतो. हे त्याला समजावले तेव्हा तो म्हणाला, "साहेब, झुरळ दिसतंय म्हणजे औषध काम करतंय." आणि न दिसल्यास? "तर औषधानं काम केलं." असा सिद्धान्त मला माझ्या नोकरीत मांडता आला असता तर मी आज फार वरच्या जागेवर असतो.

तरीही अण्णांच्या बाटलीतल्या प्राण्याबद्दल मला तज्ज्ञपणे बोलता आले असते, कारण या छळाच्या काळात मी बरेच वाचन केले आहे. मानेमागे दोन समांतर काळपट पट्टे आणि जेमतेम १२ ते १५ मिलिमीटर लांबी असलेले हे जर्मन झुरळ होय. प्राण्यांना शास्त्रीय नावे देणाऱ्या लिनियसने १७६७ साली त्याच्या नावाला जर्मनी चिकटवली. रशियन लोक त्याला ‘प्रुसाक’, म्हणजे प्रशिया या जुन्या जर्मन राज्याचा, म्हणत आले आणि जर्मनीत काही ठिकाणी त्यालाच ‘रशियन’ म्हणत. मग २०२४ साली शास्त्रज्ञांनी १७ देशांतल्या २८१ झुरळांच्या डीएनएची तपासणी प्रसिद्ध केली, तेव्हा हे झुरळ ना रशियाचे निघाले ना जर्मनीचे. सुमारे २१०० वर्षांपूर्वी, म्हणजे आपल्याकडे सातवाहनांचा उदय होत होता त्या सुमारास, भारतात किंवा म्यानमारात माणसाच्या वस्तीला चिकटून राहू लागलेल्या आशियाई झुरळापासून ते झाले. मोरीतून येणारे ते बोटभर लांब तांबडे ‘अमेरिकन’ झुरळही मूळचे आफ्रिकेचे आहे. झुरळाला शेजाऱ्याचे नाव देण्याची रीत अण्णांनी शोधलेली नाही. मोठमोठ्या साम्राज्यांनी ती पाळली आहे. फरक इतकाच की प्रशियाच्या राजाने झुरळ बाटलीत घालून ते रविवारी सकाळी कोणाच्या दारी पोहोचवल्याचे माझ्या वाचनात नाही.

चहा आला. अण्णांनी बशीत ओतून पहिला घोट घेतला आणि बाटली टीपॉयवर खाऱ्या बिस्किटांच्या शेजारी ठेवली. ते बिनसाखरेचा चहा पिऊ लागताच मला अमेरिकेतली ती झुरळे आठवली, जी विषातले ग्लुकोज ओळखून ते टाळू लागली होती. १९९३ साली हे लक्षात आले आणि त्यांच्या जिभेला ग्लुकोज कडू लागते हे उलगडायला २०१३ साल उजाडले. ही माहिती अण्णांना सांगावी असे फार वाटले, पण पथ्यावर असलेल्या माणसाला ती वेगळ्या अर्थाने लागली असती.

तेवढ्यात पत्नीने बाटली उजेडाकडे धरली आणि म्हणाली, "अहो, हिच्या मागे काहीतरी आहे."

ती अंड्यांची कुपी होती. जर्मन झुरळाची मादी ही कुपी तीन-चार आठवडे पाठीमागे धरून हिंडते आणि तीत तीस-चाळीस अंडी असतात. हे मी सांगताच अण्णांनी बशी खाली ठेवली, पेन काढले आणि कागदावर एक ओळ वाढवली. "मी एकच आणून दिले आहे. पुढील वाढीस मी जबाबदार नाही, याची नोंद घ्यावी."

"आणि या सात भोकांतून पिल्ले बाहेर पडली तर?"

"ती आपल्या घरात पडतील," अण्णा म्हणाले आणि त्यांनी तो कागद माझ्यापुढे सरकवला. ती पोच होती. ‘एक (१) झुरळ, जिवंत, सुस्थितीत, मिळाले.’ खाली कार्बन लावून दुसरी प्रत होती. कार्बन पेपर आजच्या काळात कोठे मिळतो, या कुतूहलात, गालावरचा फेस वाळून खाज सुटलेली असताना, मी सही केली.

ही सही हीच माझी चूक. मंगळवारी जिन्याखालच्या फलकावर तिची छायाप्रत लागली आणि तिच्यासोबत सोसायटीचे पत्र: ‘आपण सदर कीटकाचा ताबा मान्य केला असल्याने आपल्या सदनिकेची स्वच्छता राखावी.’ आमच्या सदनिकेची! ज्या घरात दोन वर्षांत मी ओट्यामागची प्रत्येक फट पांढऱ्या सिमेंटने भरली, सिंकखालच्या पाइपाभोवतीची मोकळी जागा सिलिकॉनने बुजवली, नहाणी ट्रॅपची जाळी बदलली आणि घरी आलेला पुठ्ठ्याचा प्रत्येक खोका दारातच रिकामा करून खाली पाठवला, त्या घराची! झुरळ अन्नावाचून महिनाभर तग धरते, पण त्याला निर्जळी झेपत नाही, पंधरवड्याच्या आत ते मरते. हे वाचल्यापासून मी रोज रात्री झोपण्यापूर्वी सिंक फडक्याने कोरडे करतो. लग्नाच्या एकवीस वर्षांत पत्नीला माझ्याकडून जे करून घेता आले नाही, ते झुरळांनी करून घेतले. फ्रिजखाली आणि सिंकखाली मी चिकट सापळे ठेवतो आणि त्यांत सापडलेल्यांचा आकडा वहीत लिहितो. म्हणजे पाहता पाहता माझाच अण्णा झालेला आहे. माझ्या वहीप्रमाणे सिंकखालच्या सापळ्यात, जेथे डक्टमधला पाइप भिंतीतून आत येतो, फ्रिजच्या सापळ्याच्या चौपट झुरळे सापडतात. ती माझ्या फ्रिजमागे जन्मलेली नाहीत. ती डक्टमधून चालत आलेली आहेत.

आणि डक्टबद्दल बोलायचे तर इमारत १९८७ सालची आहे, सांडपाण्याच्या बिडाच्या पाइपाचे दोन सांधे चार वर्षांपासून ठिबकत आहेत, आणि तेथे बारा महिने ओल, अंधार व खरकटे अशी तिन्ही सुखे एकत्र नांदतात. मी तीन पत्रे दिली. त्यांपैकी एक सर्वसाधारण सभेत ‘आयत्या वेळी येणारे विषय’ या सदरात, वडे आल्यानंतर, वाचले गेले. सोळाही घरांत एकाच दिवशी जेल लावावे, फवारणी अजिबात करू नये, आणि सांधे बदलून डक्टच्या बाजूने प्रत्येक पाइपाभोवतीची फट बुजवावी, एवढीच माझी सूचना होती. कारण एकट्याच्या घरात औषध मारणे म्हणजे बादलीचा एकच कोपरा कोरडा ठेवण्यासारखे आहे. अध्यक्षांनी विचारले, "कोणाकोणाकडे झुरळे आहेत? हात वर करावा." एकच हात वर झाला. तो माझा होता. ज्यांच्या घरी मी चहाच्या कपाच्या कानातून मिशा हलताना पाहिल्या आहेत त्यांनीही हात मांडीवर ठेवले, आणि एका बाईंनी तर मुलीची स्थळे पाहणे चालू असल्याचे कारण माझ्या पत्नीला नंतर जिन्यात सांगितले. सूचना फेटाळली गेली. अंगावरचे झुरळ झटकावे तसा तो विषय झटकला गेला आणि ते अर्थातच माझ्या अंगावर येऊन पडले. त्याच सभेत प्रवेशद्वारावर इमारतीच्या नावाची पितळी अक्षरे बसवण्यास एकमताने मंजुरी मिळाली. ती अक्षरे बसली आहेत. ती फार छान चकाकतात. सांधे अजून ठिबकत आहेत.

याचा राग मला येऊ नये असे कोणाला वाटत असेल, तर त्याने स्वतःच्या सहीची छायाप्रत रोज जाता-येता फलकावर पाहावी.

बाटलीतली मादी मी त्याच रविवारी साबणाच्या पाण्यात बुडवली होती. बुधवारी रात्री साडेबारा वाजता पाणी प्यायला उठलो, तेव्हा सिंकखालच्या पाइपावरून तिचीच एखादी बहीण खाली उतरत होती. वरून खाली उतरत होती, हे मी दोनदा डोळे चोळून पाहिले. अण्णांच्याच बाटलीत तिला पकडायला मला चाळीस मिनिटे लागली. गुरुवारी सकाळी, दाढी पूर्ण करून, इस्त्रीचा सदरा घालून आणि दोन प्रतींत पोच लिहून मी वरचा मजला चढलो. ‘आपले’ हा शब्द मी पोचीत दोन वेळा वापरला होता.

दार काकूंनी उघडले. अण्णा पेन्शनच्या कामासाठी बँकेत गेले होते. काकूंनी बाटलीकडे पाहिले, जिन्यात वर-खाली पाहिले आणि मला आत ओढून दार लावून घेतले.

"ह्यांना सांगू नको रे," त्या हळू आवाजात म्हणाल्या, "पण सिंकखाली नुसता सुळसुळाट आहे. तुझ्या त्या जेलवाल्याचा नंबर दे. गुरुवारीच ये म्हणावं, हे बँकेत असताना. आणि पाठीवर कंपनीचं नाव छापलेला तो शर्ट घालून येऊ नको म्हणावं."

मी नंबर दिला. फवारणी करू देऊ नका, नुसते जेल लावून घ्या, असेही बजावले. निघताना काकूंनी माझ्या हातातली बाटली काढून घेतली, सात भोकांवर बोट फिरवले आणि म्हणाल्या, "लोणच्याची चांगली बाटली होती. झाकण तेवढं नवीन आणून दे."