म्हशीचा खुलासा

मंगळवारी दुपारी पावणेबाराच्या सुमारास मी सरकारला एका म्हशीबद्दल लेखी खुलासा दिला. म्हैस माझी नाही. म्हशीशी माझं देणं नाही घेणं नाही, दूधसुद्धा आमच्याकडं पिशवीचं येतं. पण खुलाशावर सही माझी आहे, त्यावर आवकचा शिक्का पडलाय, आणि आता तो आरटीओ ऑफिसात माझ्या फायलीला टाचणीनं कायमचा लागलाय. उद्या मी गेलो आणि कुणी ती फाईल उघडली तर माझ्या आयुष्याचं पहिलं पान म्हशीचं निघणार.

मी जुन्या गाड्या विकतो. 14 वर्षं झाली. हायवेच्या कडेला तीन गुंठे जागा भाड्यानं घेतलीय, पत्र्याचं शेड, सात-आठ फोरव्हीलर, पंधरा-वीस टू-व्हीलर, आणि वर बोर्ड. इतक्या वर्षांत मला कुणी लायसन विचारलं नाही आणि मी पण कुणाला सांगायला गेलो नाही की नाहीये म्हणून. नव्या गाड्यांच्या शोरूमला ट्रेड सर्टिफिकेट लागतं, ते लोक लाल पाटीवर पांढऱ्या अक्षरात नंबर टाकून गाड्या फिरवतात, ते पहिल्यापासून आहे. जुन्या गाडीवाल्याला मात्र कायद्यानं कधी माणसात धरलंच नव्हतं. मग केंद्र सरकारनं 22 डिसेंबर 2022 ला नियम काढले, 1 एप्रिल 2023 पासून लागू केले, की बाबांनो तुम्हीही आरटीओकडनं अधिकारपत्र घ्या. फॉर्म 29ए मध्ये अर्ज करायचा, 29बी मध्ये पत्र मिळतं, पाच वर्षं चालतं. नियम शहाण्या माणसानं केलेला आहे हे मी आजही म्हणतो, एवढं सगळं होऊनसुद्धा. कारण त्यात 29सी आहे. मालकानं गाडी माझ्याकडं सोपवली की 29सी वर कळवायचं, आणि मग ती पुढच्या गिऱ्हाइकाच्या नावावर होईपर्यंत तिचा मालक मी. जुन्या मालकाला कटकट नाही.

हे मला कधी पटलं, तर आमच्या मास्तरांमुळं. मास्तरांनी माझ्या मार्फत अ‍ॅक्टिव्हा विकली, घेणाऱ्यानं नावावर करून घेतलीच नाही, आणि मास्तरांच्या मोबाईलवर चलनं यायला लागली. प्रत्येक चलनाला फोटो. बिनहेल्मेटचा, ट्रिपल सीट, एकदा तर मांडीवर कलिंगड. मास्तर दर वेळी शेडवर येऊन फोटो पुढं धरायचे आणि विचारायचे, "हा कोण?" जसा काय माझा भाचा आहे. शेवटी बायको म्हणाली, एकदाचं ते लायसन काढा आणि मास्तरांना मोकळं करा, मला रोज त्यांना चहा द्यावा लागतो.

तर कागद. शॉप अ‍ॅक्ट, जीएसटी, पॅन, आधार, भाडेकरार, ग्रामपंचायतीचा दाखला. भाडेकराराची मुदत संपली होती, तो नवा केला, त्यात ऑक्टोबर 2024 पासून 100 चा स्टॅम्प जाऊन 500 चा आलाय हे मला व्हेंडरसमोर उभं राहिल्यावर कळलं. पहिल्या दिवशी खिडकीवरच्या भाऊसाहेबांना 29ए म्हटलं तर त्यांनी मला 29 आणि 30 दिले. म्हटलं साहेब हे गाडी नावावर करायचे, मला 29 ए पाहिजे. ते म्हणाले, "दोन्ही एकच." बाहेर झाडाखालचा एजंट म्हणाला ए म्हणजे एजंट, म्हणजे माझ्याकडंच यावं लागेल. त्याला मी चौदा वर्षं ओळखतो, त्याच्या मुलीच्या लग्नात जेवलोय, तरी त्यानं मला हे तोंडावर सांगितलं.

तिसऱ्या खेपेला अर्ज घेतला आणि म्हणाले जागेचा फोटो जोडा. मी शेडवर जाऊन मोबाईलवर काढला, प्रिंट मारली, दिली. आठ दिवसांनी त्रुटीचं पत्र.

"सादर केलेल्या छायाचित्रात जागेवर जनावर (म्हैस) दिसून येते. सबब सदर जागा प्रत्यक्ष वाहन विक्री व्यवसायासाठी वापरली जाते किंवा कसे, याबाबत खुलासा सादर करावा."

आता म्हैस आमच्या जागामालकांची, तात्यांची. पंढरपुरी आहे, शिंगं तलवारीसारखी मागं खांद्यापर्यंत गेलेली. शेडच्या बाजूला लिंबाची सावली आहे आणि तात्यांच्या अख्ख्या रानात दुपारी सावली म्हणून तेवढीच, त्यामुळं ती तिथं बांधतात. फोटो काढताना मला दिसली नव्हती असं नाही, पण रोज दिसणारी गोष्ट दिसत नाही ना. फोटोत नीट बघितलं तर एक शिंग बरोबर 2014 च्या वॅगनआरच्या बॉनेटवर आलं होतं, ॲक्सेसरी बसवल्यासारखं. शेजारच्या कोल्हापुरात दिवाळी पाडव्याला म्हशी नटवून मोटरसायकलींच्या मागनं पळवतात, तिथं म्हैस आणि गाडी एका फोटोत आली तर पेपरवाले छापतात. मला मात्र खुलासा.

पत्र घेऊन मी ऑफिसच्या व्हरांड्यात बाकावर बसलो. शेजारी एक आजोबा होते. पांढरा हाफ शर्ट, खिशाला दोन पेनं, मांडीवर रेक्झिनची पिशवी. माझ्या हातातलं पत्र ते माझ्या आधी वाचून मोकळे झाले होते.

"'किंवा कसे' छान लिहिलंय," ते म्हणाले.

"काय?"

"'वापरली जाते किंवा कसे.' हल्ली कोण लिहितं हो एवढं? नुसतं 'वापरली जाते का' लिहून मोकळे होतात. पोरगं नवीन असेल, पण हात चांगला आहे."

आजोबा पाटबंधारे खात्यातनं रिटायर झालेले. आस्थापना शाखा. मी म्हटलं काका, म्हैस हलवली म्हणून लिहून देतो, विषय संपला. त्यांनी माझ्याकडं असं बघितलं की मी रॉकेलचा डबा घेऊन आलोय.

"हलवली? म्हणजे होती हे कबूल केलंत."

"फोटोत दिसतीय की काका."

"'दिसून येते' असं त्यांचं म्हणणं आहे. 'आहे' असं कुठं लिहिलंय? ते स्वतः सावध आहेत आणि तुम्ही निघालात कबुली द्यायला." एवढं बोलून त्यांनी पिशवीतनं फुलस्केपचे कागद काढले, खाली पुठ्ठा लावला आणि मला पेन दिलं. "लिहा. विषय, छायाचित्रात दिसून येणाऱ्या जनावराबाबत."

"म्हैस लिहू का?"

"त्यांनी कंसात लिहिलंय, आपण कशाला? जनावर म्हणा. उद्या रेडी निघाली तर?"

"रेडी कशी निघेल? दोनदा व्यालीय."

"तुम्ही पशुवैद्यक आहात?"

मी जनावर लिहिलं.

"सदर जनावर अर्जदाराच्या मालकीचे नसून. कुणाचं आहे?"

"जागामालकांचं."

"भाडेकरारात आहे?"

"भाडेकरारात म्हैस कशी असेल काका?"

"मग अतिक्रमण आहे." अतिक्रमण हा शब्द त्यांनी असा काही उच्चारला, की बऱ्याच दिवसांनी पुरणपोळी ताटात पडलीय. मी हात जोडले. म्हटलं अतिक्रमण लिहिलं तर म्हैस राहील आणि तात्या मला काढतील. ते जरा नाराज झाले, पण व्यवहारी माणूस. "बरं मग तात्पुरते लिहा. तात्पुरत्या स्वरूपात बांधण्यात येते."

"पण रोज असते ती."

"रात्री सोडतात?"

"गोठ्यात नेतात."

"मग झालं की तात्पुरतं. मी सात वर्षं रोज ऑफिसला जात होतो, रोजंदारीवर. कायम व्हायच्या आधी. रोज जाऊनसुद्धा तात्पुरताच होतो ना मी?" हे त्यांनी विनोद म्हणून सांगितलं नव्हतं. मी हसायला तोंड उघडलं होतं ते तसंच मिटलं.

खुलासा दीड पान झाला. त्यात "अर्थाअर्थी संबंध नाही" होतं, "योगायोगाने" होतं, "सबब" चार वेळा होतं. शेवटी "खुलासा मान्य व्हावा ही विनंती" आणि खाली माझी सही. म्हैस हा शब्द अख्ख्या कागदावर कुठंच नाही. वाचणाऱ्याला वाटेल माझ्या जागेत वाघ दिसलाय.

मग मी चूक केली. विचारलं, तुम्ही कुठल्या कामाला आलात?

लुनाच्या. आजोबांनी 1994 मध्ये त्यांची लुना ऑफिसच्या कॅन्टीनवाल्याला विकली होती. तीन हप्त्यांत पैसे ठरले, दोन आले, कॅन्टीनवाला आणि लुना दोन्ही गेले. कायद्यानं विकणाऱ्यानं 14 दिवसांत आरटीओला कळवायचं असतं, ते यांनी तिसऱ्या हप्त्यासाठी धरून ठेवलं. मग इतकी वर्षं काही नाही. आता ती नवीन एचएसआरपी, म्हणजे हाय सिक्युरिटी नंबर प्लेट आली, 1 एप्रिल 2019 च्या आधीच्या सगळ्या गाड्यांना सक्तीची, तेव्हापासून आजोबांची झोप गेली. गाडी नावावर आहे म्हणजे प्लेट लावणं आपलं कर्तव्य. चेसिस नंबरचे शेवटचे पाच आकडे त्यांना तोंडपाठ होते, मला म्हणूनही दाखवले.

"531 रुपये मी भरतो हो. पण पाटी लावू कशाला? दाराला?"

मी म्हटलं काका, त्या लुनाचे आतापर्यंत खिळे झाले असतील, सोडून द्या. तर त्यांनी मला सुप्रीम कोर्ट काढलं. 2018 चा निकाल, गाडी चार हातांतनं गेली तरी रजिस्टरला ज्याचं नाव तोच मालक, ॲक्सिडेंट झाला तर भरपाई त्याच्या गळ्यात. निकाल खरा आहे, मी पण वाचलाय, माझ्या धंद्याचा आहे. पण कुणीतरी आज लुनावरनं ॲक्सिडेंट करेल ही भीती उराशी घेऊन हा माणूस दर सोमवारी-मंगळवारी एसटीनं येतो, आणि खिडकीवर त्याला सांगतात गाडी हजर करा नाहीतर स्क्रॅपचा दाखला आणा. म्हणजे ज्याच्याकडं गाडी नाही म्हणून तो आलाय, त्यानं गाडी घेऊन यायचं.

"इलेक्ट्रिक लुना आली म्हणे परत," ते मध्येच म्हणाले. "2024 ला. माझीच परत यायची राहिली."

आणि मग त्यांची नजर माझ्या फायलीवर गेली. "तुम्ही डीलर होणार ना? मग तुमच्या 29सी प्रमाणे मालकानं गाडी सोपवली की मालक डीलर." अख्ख्या ऑफिसात तो फॉर्म मी सोडून ज्याला कळला असा हा पहिला माणूस. मी आनंदानं हो म्हटलं.

"मग माझी लुना घ्या. सोपवली."

"अहो पण लुना कुठाय?"

"ते शोधणं मालकाचं काम," आजोबा म्हणाले. "मालक तुम्ही."

अर्धा तास चाललं हे. मी सांगतोय सोपवायला गाडी लागते, ते म्हणतायत खुलाशात म्हैस होती का, तरी काम झालंच ना. शेवटी त्यांनी ते लेखी मागितलं. मी कागदावर लिहिलं, लायसन मिळाल्यावर बघतो. त्यांनी 'बघतो' खोडलं आणि वर सुवाच्य अक्षरात लिहिलं, "नियमानुसार उचित कार्यवाही करण्यात येईल." ज्या माणसानं उभ्या नोकरीत हे वाक्य हजारदा दुसऱ्यांना लिहून दिलं असेल, तो ते स्वतःच स्वतःसाठी लिहून, घडी घालून, खिशात ठेवून इतका समाधानी झाला की मला पुढं काही बोलवेना.

खिडकीवर भाऊसाहेबांनी खुलासा पूर्ण वाचला. एकदा भुवई उडाली. शिक्का मारला. मग म्हणाले, "एवढं कशाला लिहिलंत? म्हैस बाजूला घेऊन दुसरा फोटो आणला असता तर चाललं असतं की."

मी म्हटलं पत्रात खुलासा मागितलाय.

"पत्रात तसंच लिहितात. पण आता तुम्ही जनावर जागामालकाचं आहे असं लिहून दिलंय, तर जागामालकाचं ना हरकत जोडा. आणि फोटो पण आणा दुसरा."

इथपर्यंत मी हसत होतो, खरंच. पण घरी येताना राग यायला लागला तो अजून गेलेला नाही. माझ्या समोर, रस्त्याच्या पलीकडं, एक जण हाच धंदा करतो. त्याच्याकडं अधिकारपत्र नाही, अर्जही नाही. त्याच मंगळवारी त्यानं दोन गाड्या विकल्या आणि संध्याकाळी पेढे घेऊन आला, "झालं का लायसन?" विचारायला. अधिकारपत्र मिळाल्यावर मी प्रत्येक गाडी बाहेर काढली की रजिस्टरला नोंद ठेवायची, कोण घेऊन गेला, कशाला, किती किलोमीटर, ते पण इलेक्ट्रॉनिक. गाडी फक्त ट्रायलला, दाखवायला, नाहीतर गॅरेज-पेंटिंगला जाऊ शकते. त्याच्या गाड्यांवर तो बायकोला माहेरी सोडून येतो. त्याला कोण विचारणार, त्याची फाईलच नाही. ज्यानं अर्ज केला त्याचीच त्रुटी निघते. मी हे बायकोला सांगितलं तर ती म्हणाली, मास्तर आज पण येऊन गेले, नवीन चलन आलंय.

बुधवारी तात्यांच्या हातापाया पडून म्हैस शेडच्या मागं नेली. तात्या म्हणाले ना हरकत देतो, पण हरकत कुणाला नसावी, तुला का मला का म्हशीला? नऊ फोटो काढले. चांगला बघून प्रिंट मारली. रात्री आजोबांचा फोन, लुनाची काही कार्यवाही? म्हटलं चालू आहे. "जावक नंबर पडला की कळवा," म्हणाले.

फोन ठेवून फोटो फायलीला लावताना लाईटखाली धरला, तर उजव्या कोपऱ्यात पत्र्याच्या कडेनं शेपटीचा गोंडा आलाय. उद्या दहाला जायचंय, आता दुसरी प्रिंट कुठनं आणू. जेवण झाल्यावर कोपऱ्यावरच्या दुकानातनं फुलस्केपचे चार कागद तेवढे घेऊन आलो.